तरवडाची साल

माणदेशातला जो माळ सरकारी दप्तरात पोटखराबा म्हणून नोंदला गेला, ज्याच्यावर कधी सारा बसला नाही आणि ज्याच्या मुरमात कुसळापलीकडे काही तग धरील असे कोणा शेतकऱ्याला वाटत नाही, त्याच माळावर पावसाळा सरता सरता तरवड असा पिवळाधमक फुलतो की, दुरून पाहणाऱ्याला कोणी हळद वाळत घातली आहे असा भास व्हावा. कमरेइतके, फार तर पुरुषभर उंचीचे हे झुडूप शेळ्यामेंढ्या सहसा तोंडात धरत नाहीत. म्हणून चराईने उघड्याबोडक्या झालेल्या गायरानातही ते भरल्या अंगाने उभे असते.

शेंगकुळातले असूनही त्याचे फूल वाटाण्याच्या फुलासारखे पतंगाकृती नाही. पाकळ्या पाच, मोकळ्या आणि कडेला किंचित चुरमडलेल्या; पुंकेसर दहा, पण ते सारखे नव्हेत, काही आखूड आणि वांझ, तर काही लांब आणि बाकदार. या फुलात मध नाही. काळा भुंगा येतो, पुंकेसरांना कवटाळतो आणि सर्वांग थरथरवून गुंजारव करतो, तेव्हा कोठे त्यांच्या टोकांच्या सूक्ष्म छिद्रांतून पराग बाहेर उसळतो. पानाच्या देठाशी कानाच्या पाळीसारखी दोन उपपर्णे असतात. १७५३ साली लिनिअसने या झुडपाला ‘कानवाला’ अशा अर्थाचे लॅटिन नाव दिले, ते त्यांच्यावरूनच. आयुर्वेदाने त्याला आवर्तकी म्हटले आहे.

मी मात्र माळावर गेलो होतो तो फुलांसाठी नव्हे, सालीसाठी. ज्या वृद्ध कारागिराबरोबर गेलो, त्यांच्या घरी कातडी कमावण्याचा धंदा पिढ्यान् पिढ्या चालत आलेला. त्यांनी अंगठ्याएवढ्या जाडीच्या फांद्या निवडल्या, दगडावर ठेवून लाकडी मोगरीने हळूहळू ठेचल्या आणि साल सैल होताच टोकाशी नख घालून ती एका ओढीत सोलून काढली. पावसाचा ओलावा खोडात असेपर्यंतच ती इतकी सहज सुटते. मी मदतीला कोयता पुढे केला, तसे ते म्हणाले, “मास्तर, लोखंड लांब ठेवा. ओल्या सालीला लागलं की काळं धरतं.” आणि खरोखरच, कोयत्याला लागलेला रस घटकाभरात शाईसारखा काळवंडला.

त्यांनी सालीचा एक तुकडा माझ्या हातावर ठेवला व चघळायला सांगितले. क्षणात जीभ आवळली, टाळू कोरडी पडली, गालाची कातडी आत ओढली गेली. “जिभेला जे झालं, तेच कातड्याला होतं,” ते म्हणाले. रसायनशास्त्रही याहून वेगळे काही सांगत नाही. सालीतील टॅनिन लाळेतल्या प्रथिनांना जसे धरते, तसेच ते कातड्यातल्या तंतूंना धरून ठेवते. मग पाणी त्यांना कुजवू शकत नाही.

म्हशीचे कातडे आधी पाण्यात भिजले होते, नंतर चुन्याच्या हौदात काही दिवस राहून त्याचे केस सुटले होते, आणि उताराच्या ओंडक्यावर टाकून आतल्या बाजूचे मांस खरवडले गेले होते. पोटात मळमळ उठविणारा वास, चुन्याने चिरलेली बोटे, कंबर वाकवून तासन् तास चालणारे ते खरवडणे, हे सारे मी पाहिले. ते सोसणाऱ्याच्या वाट्याला समाजाने काय दिले, हेही त्या अंगणात बसून विसरता येत नाही. नवरात्रात ज्या तरवडाच्या फुलांची माळ आम्ही घटावर चढवितो, तेलंगणात ज्याच्या फुलांनी बतुकम्मा रचली जाते, त्याचीच साल हाताळणाऱ्याला मात्र गावाने वेशीबाहेर बसविले. त्याने कमावलेल्या चामड्याची मोट विहिरीतून चढे आणि तिच्या पाण्यावर गावाचे मळे पिकत. हा अन्याय होता, आणि तो जुना झाला म्हणून सौम्य ठरत नाही.

चुना धुऊन काढल्यावर कातडे प्रथम जुन्या, फिक्या पाण्यात टाकतात आणि मग क्रमाक्रमाने कडक पाण्यात नेतात. आरंभीच कडक पाणी दिले तर वरचा पदर आवळून बंद होतो आणि गाभा कच्चा राहतो. मग त्याच कातड्याची पिशवी शिवून, तीत साल आणि सालीचे पाणी भरून, ती तिकाटण्याला टांगतात. पाणी स्वतःच्या भाराने कातड्यातून पाझरते, थेंब थेंब खालच्या घमेल्यात जमते आणि पुन्हा वरून ओतले जाते. त्या अंगणात दिवसभर दुसरा आवाज नव्हता.

एके काळी मद्रास इलाख्यातून तरवडावर कमावलेली कातडी गठ्ठ्यांनी विलायतेला जात. पुढे दक्षिण आफ्रिकेतून वॉटलची साल आली (तीही शेंगकुळातलीच), मग क्रोमचे क्षार आले, आणि आठवड्यांचे काम दिवसांवर आले. घाईच्या व्यापाराला ते सोयीचे पडले. परंतु क्रोमचे सांडपाणी ज्या ओढ्यात उतरते, त्या ओढ्याकाठच्या लोकांना त्या सोयीची किंमत विचारावी.

तरवडाच्या चामड्यात एक उणीव आहे: मुळात फिकट पिवळसर असलेले ते उन्हाने तांबूस होत जाते. त्यावर उपाय म्हणून शेवटी हिरड्याच्या पाण्याचा हात देतात. हिरडे अंगणात फोडून ठेवलेले होते, पण त्यांची वेळ अजून आली नव्हती. म्हाताऱ्याने रापीने पिशवीच्या शिवणीबाहेरची कड कापून मला दाखविली. दोन्ही बाजूंनी पिवळसर रंग आत उतरलेला होता आणि मधोमध, सुताएवढी, कच्च्या कातड्याची पांढरी रेघ होती. त्यांनी ती नखाने चाचपली, पिशवी सोडविली, तोंड शिवले, तळाची शिवण उसवली आणि ती उलटी टांगून पुन्हा साल भरायला घेतली.