‘सेकंडरी’ : एका इंग्रजी शब्दाचे अर्थ आणि उपयोग

खेड्यातील प्राथमिक शिक्षकाकडे केवळ मुलेच शिकावयास येतात असे नाही. घरात इंग्रजीत लिहिलेला एखादा कागद आला, की तो हाती घेऊन गावकरीही त्याच्याकडेच येतात. बँकेचे पत्र असो, न्यायालयाचा कागद असो किंवा रुग्णालयाचा अहवाल असो, ‘गुरुजी, यात काय लिहिले आहे?’ हा प्रश्न ठरलेला असतो. अशा वेळी शब्दकोशातील पहिला अर्थ सांगून मोकळे होण्याचा मोह होतो. पुष्कळ शब्दांच्या बाबतीत त्याने फारसे बिघडत नाही. परंतु काही शब्द वरून सोपे दिसतात आणि आत अनेक अर्थ बाळगून असतात. ‘सेकंडरी’ हा त्यांपैकीच एक होय.

शब्दकोशात पाहिले असता ह्या शब्दापुढे ‘दुय्यम’ असा अर्थ आढळतो. हा अर्थ चुकीचा नाही, पण तो अपुरा आहे. काही ठिकाणी तो बरोबर बसतो, काही ठिकाणी विचित्र वाटतो, आणि एका ठिकाणी तर तो ऐकणाऱ्या कुटुंबाची घातक दिशाभूल करू शकतो. म्हणून ह्या शब्दाची उकल थोडी विस्ताराने करणे उपयुक्त ठरेल.

शब्दाचे मूळ

‘सेकंडरी’ हा शब्द लॅटिन भाषेतून इंग्रजीत आला. ‘मागून जाणे, अनुसरणे’ अशा अर्थाचा ‘सेक्वी’ हा लॅटिन धातू आहे. त्यापासून ‘सेकुंदुस’, म्हणजे ‘मागून येणारा’, हे विशेषण झाले आणि पुढे ‘दुसरा’ असा त्याचा अर्थ रूढ झाला. घड्याळातील ‘सेकंद’ हाही त्याच कुळातील शब्द होय. तासाचे प्रथम ६० लहान भाग केले, ती मिनिटे झाली. त्या मिनिटाचे पुन्हा ६० भाग केले, ते दुसऱ्या विभागणीतून निघाले म्हणून सेकंद ठरले. सेकंद मिनिटापेक्षा हलक्या प्रतीचा आहे असे येथे कोणासही म्हणावयाचे नाही. विभागणीचा क्रम तेवढा सांगावयाचा आहे.

‘दुय्यम’ हा आपला शब्द फारसीतून आला. मुळात त्याचाही अर्थ ‘दुसरा’ एवढाच. परंतु राज्यकारभारात ‘अव्वल’ आणि ‘दुय्यम’ अशी जोडी रुळली, वरिष्ठ आणि कनिष्ठ अधिकारी असा भेद तिने दाखविला जाऊ लागला, आणि मराठी कानाला ‘दुय्यम’ म्हणताच ‘कमी दर्जाचे, कमी महत्त्वाचे’ असे वाटू लागले. इंग्रजी शब्दात क्रमाचा आणि दर्जाचा असे दोन्ही अर्थ नांदतात. मराठी शब्दात दर्जाने क्रमाला मागे ढकलले आहे. घोटाळा होतो तो येथेच.

तीन अर्थ, तीन प्रश्न

‘सेकंडरी’चे व्यवहारातील उपयोग पाहिले असता त्याचे मुख्यत्वे तीन अर्थ दिसतात. पहिला, क्रमाने नंतरचा. दुसरा, एखाद्या मूळ वस्तूपासून उत्पन्न झालेला. तिसरा, दर्जाने किंवा महत्त्वाने कमी. कोणत्याही वाक्यात हा शब्द आला, तर वाचणाऱ्याने स्वतःस तीन प्रश्न विचारावेत : कशाच्या नंतर? कशापासून? कशाहून कमी? ज्या प्रश्नाला त्या वाक्यात अर्थपूर्ण उत्तर मिळते, तो अर्थ खरा.

क्रमाचा अर्थ शिक्षकांच्या रोजच्या परिचयाचा आहे. ‘सेकंडरी एज्युकेशन’ ह्याचे भाषांतर मराठीत ‘दुय्यम शिक्षण’ असे रूढ झाले नाही, ‘माध्यमिक शिक्षण’ असे झाले. खाली प्राथमिक, वर उच्च, आणि ह्या दोहोंच्या मधले ते माध्यमिक, अशी ही योजना आहे. १९५२-५३ च्या मुदलियार आयोगाचा उल्लेख ‘माध्यमिक शिक्षण आयोग’ असाच होतो, आणि महाराष्ट्रात १९६५ च्या कायद्यान्वये स्थापन झालेल्या मंडळाच्या नावातही हाच शब्द आहे. शब्दशः अर्थ बाजूस ठेवून आशय पकडल्याचे हे चांगले उदाहरण होय. येथे आणखी एक गोष्ट ध्यानात घ्यावी. क्रमाने जे प्रथम, त्याच्यावरच पुढचे सारे उभे असते. समाजात कधीकधी प्राथमिक शाळेला लहान आणि माध्यमिक शाळेला मोठी मानतात. शब्दाचा अर्थ मात्र तसे काहीच सांगत नाही.

मूळ आणि उत्पन्न

दुसरा अर्थ विज्ञानात वारंवार येतो, आणि वर्गात तो सहज दाखविता येतो. चित्रकलेच्या तासाला लाल, पिवळा आणि निळा हे मूळ रंग मानले जातात. लाल व पिवळा मिसळून नारिंगी, पिवळा व निळा मिसळून हिरवा आणि लाल व निळा मिसळून जांभळा होतो. हे रंग ‘सेकंडरी’, म्हणजे मिश्रणातून निघालेले. परंतु हाच विचार प्रकाशाला लावला, तर मूळ रंग लाल, हिरवा आणि निळा असे ठरतात, आणि लाल व हिरवा प्रकाश एकत्र आल्यावर पिवळा दिसतो. म्हणजे रंगपेटीतला मूळ पिवळा प्रकाशाच्या बाबतीत ‘सेकंडरी’ होतो. ह्यावरून असे दिसते की, ‘सेकंडरी’पण हा वस्तूच्या अंगचा उणेपणा नसून दुसऱ्या वस्तूशी असलेला तिचा संबंध आहे.

गावाच्या कडेला असलेले विजेचे रोहित्र हे दुसरे उदाहरण. त्यात तारेच्या दोन गुंडाळ्या असतात. ११,००० व्होल्टची वीज जिच्यात येते ती प्राथमिक गुंडाळी. जिच्यातून कमी दाबाची वीज बाहेर पडून घरापर्यंत २३० व्होल्टने पोहोचते ती ‘सेकंडरी’. घरातील दिवा ह्या दुसऱ्या गुंडाळीच्या बळावर लागतो. तिला ‘कमी महत्त्वाची’ म्हणणे हास्यास्पद ठरेल.

विजेच्या घटांची गोष्ट तर याहून बोलकी आहे. हातातील बॅटरीत घालावयाचा साधा कोरडा घट हा ‘प्रायमरी’. तो संपला की टाकून द्यावयाचा. ट्रॅक्टरमधील शिसे व आम्ल यांचा घट मात्र ‘सेकंडरी’. त्यात बाहेरून वीज भरावी लागते, आणि ती पुनःपुन्हा भरता येते. हा घट गास्तों प्लान्ते ह्या फ्रेंच शास्त्रज्ञाने १८५९ साली प्रथम तयार केला. येथे तर ‘सेकंडरी’ घट ‘प्रायमरी’पेक्षा कितीतरी अधिक टिकाऊ ठरतो. मराठीत अशा ठिकाणी ‘द्वितीयक’ हा शब्द वापरतात. तो किंचित बोजड असला, तरी दर्जाचा गैरसमज टाळतो.

एकाच परिसरात दोन अर्थ

मुंबईत परळच्या भागात भोईवाडा ही जुनी वस्ती आहे. पालखी वाहणाऱ्या भोई लोकांची आठवण तिच्या नावात राहिली आहे. ह्या परिसरात फौजदारी न्यायालय आहे आणि लागूनच मोठी रुग्णालयेही आहेत. १९२६ साली सुरू झालेले के. ई. एम. रुग्णालय आणि २८ फेब्रुवारी १९४१ रोजी सुरू झालेले टाटा स्मारक रुग्णालय ही त्यांतील दोन. ‘सेकंडरी’ हा शब्द न्यायालयातही ऐकू येतो आणि रुग्णालयातही. पण दोन्ही ठिकाणी त्याचा अर्थ एक नाही.

न्यायालयात ‘सेकंडरी एव्हिडन्स’ म्हणजे दुय्यम पुरावा. मूळ दस्तऐवज न्यायालयापुढे ठेवणे हा प्राथमिक पुरावा. त्याची प्रमाणित नक्कल किंवा तो स्वतः पाहिलेल्या माणसाने त्यातील मजकुराविषयी तोंडी दिलेली माहिती हा दुय्यम पुरावा. १८७२ च्या पुरावा कायद्यात हा भेद होता आणि १ जुलै २०२४ पासून त्याच्या जागी आलेल्या भारतीय साक्ष्य अधिनियमातही तो कायम आहे. मूळ कागद हरवला, नष्ट झाला, किंवा कायद्याने सांगितलेले अन्य कारण असले, तरच दुय्यम पुरावा पुढे येतो. म्हणजे येथे दर्जाचा भेद खरोखरच आहे, आणि ‘दुय्यम’ हा शब्द चपखल बसतो. ‘अस्सल’ आणि ‘नक्कल’ ही आपली जुनी जोडी हाच भेद सांगते. इतिहासाच्या अभ्यासातही असेच आहे. १८९८ साली वि. का. राजवाडे यांनी ‘मराठ्यांच्या इतिहासाची साधने’ ह्या मालेचा पहिला खंड प्रसिद्ध केला, तेव्हापासून समकालीन अस्सल पत्रांपुढे मागाहून लिहिलेल्या बखरींचे प्रामाण्य कमी मानण्याची दृष्टी मराठी वाचकांत रुजत गेली.

रुग्णालयात गेले की हाच शब्द दुसऱ्या अर्थाने येतो. ‘सेकंडरी इन्फेक्शन’ म्हणजे आधीच्या आजाराने शरीर दुर्बळ झाल्यावर त्याच्या पाठोपाठ होणारा दुसरा जंतुसंसर्ग. गोवर झालेल्या बालकाला मागाहून न्यूमोनिया होतो तो बहुधा असाच, आणि गोवराने दगावणाऱ्या बालकांत न्यूमोनिया हे मृत्यूचे प्रमुख कारण आहे. १९१८ च्या इन्फ्लुएंझाच्या साथीतही असंख्य रोगी मागाहून झालेल्या न्यूमोनियाने गेले. मागून आलेला रोग येथे आधीच्या रोगाहून अधिक घातक ठरतो. त्याला ‘दुय्यम’ म्हटल्यास बालकाच्या आईला काय वाटेल, याचा विचार करावा. ‘गोवराच्या पाठोपाठ झालेला संसर्ग’ असे सांगितले, तर तिला अर्थही कळेल आणि निकडही.

कर्करोगाच्या अहवालातील शब्द

ह्या शब्दाचा सर्वांत गंभीर उपयोग कर्करोगाच्या अहवालात येतो. कर्करोग शरीरात ज्या अवयवात प्रथम उद्भवतो, त्या गाठीस ‘प्रायमरी’ म्हणतात. तेथील काही पेशी रक्तातून किंवा लसिकेतून वाहत जाऊन यकृत, फुप्फुस, हाडे, मेंदू अशा दूरच्या अवयवांत रुजल्या, तर तेथे होणाऱ्या गाठींना ‘सेकंडरी’ म्हणतात. अहवालात ‘सेकंडरीज’ किंवा ‘मेटास्टॅसिस’ असा शब्द असतो. म्हणजे ‘सेकंडरी’ याचा येथील अर्थ ‘मूळ जागेवरून पसरलेला रोग’ असा आहे.

आता ‘दुय्यम’ हा अर्थ येथे लावून पाहावा. दूरच्या जिल्ह्यातून परळला जाऊन आलेले एखादे कुटुंब कागद घेऊन शिक्षकाकडे येते. ‘यकृतात दुय्यम गाठी आहेत’ असे ऐकल्यावर त्यांची अशी समजूत होणे स्वाभाविक आहे, की मुख्य रोग वेगळा आहे आणि ह्या गाठी किरकोळ आहेत. मग पेरणी उरकल्यावर जाऊ, लग्न पार पडल्यावर जाऊ, अशी चालढकल होऊ शकते. एका शब्दाच्या चुकीच्या भाषांतराने उपचाराचे मोलाचे दिवस हातचे जातात.

दुसराही एक गैरसमज संभवतो. स्तनाचा कर्करोग हाडात पसरला, तर रोग्याला ‘दुसरा, हाडाचा कर्करोग’ झाला असे लोक म्हणतात. वास्तविक तो हाडात पोहोचलेला स्तनाचाच कर्करोग असतो, आणि त्याचे औषधही मूळ रोगाचा विचार करूनच ठरते. म्हणून डॉक्टर ‘प्रायमरी कोठे आहे?’ हे आवर्जून शोधतात. मागून येणाऱ्या वस्तूचा स्वभाव तिच्या मुळावरून कळतो, हा ‘सेकंडरी’ शब्दाचा मूळ आशय येथे पूर्णपणे उतरला आहे.

अशा प्रसंगी शिक्षकाने काय करावे? पहिली गोष्ट, ‘दुय्यम’ हा शब्द वापरू नये. दुसरी गोष्ट, आपण वैद्य नाही हे विसरू नये. अहवाल वाचून आशा किंवा निराशा वाटणे हे त्याचे काम नव्हे. पसरलेला रोग गंभीर असतो हे खरे, परंतु त्यावर उपचार असतात, आणि त्यांचा परिणाम रोगाच्या प्रकारावर व रोग्याच्या प्रकृतीवर अवलंबून असतो. शिक्षकाने एवढेच सांगावे, की हा शब्द महत्त्वाचा आहे आणि त्याचा खुलासा डॉक्टरांकडून लवकर करून घेतला पाहिजे. तिसरी गोष्ट, विचारावयाचे प्रश्न मराठीत स्वच्छ अक्षरात लिहून द्यावेत : रोगाचे मूळ कोठे आहे? तो आणखी कोठे पोहोचला आहे? उपचार कशासाठी आहे, रोग घालविण्यासाठी की त्रास कमी करण्यासाठी? पुन्हा केव्हा यावयाचे? मोठ्या रुग्णालयात वैद्यकीय समाजसेवा विभाग असतो. राहण्याच्या व खर्चाच्या अडचणी तेथे सांगता येतात, हेही त्या कुटुंबाला सांगावे. रोग्याला किती व कसे सांगावयाचे हा प्रश्न त्याचा, त्याच्या घरच्यांचा आणि डॉक्टरांचा आहे; म्हणून असा कागद चारचौघांत मोठ्याने वाचू नये.

वर्गातील उपयोग

वरच्या इयत्तांतील विद्यार्थ्यांसाठी ह्या शब्दावर एक छोटा पाठ घेता येईल. फळ्यावर ‘सेकंडरी’ शब्द असलेले पाच प्रयोग लिहावेत : शाळा, रंग, घट, पुरावा आणि संसर्ग. विद्यार्थ्यांनी प्रत्येकाला वरील तीन प्रश्न लावून मराठी शब्द सुचवावा. कोठे ‘माध्यमिक’, कोठे ‘मिश्र’ किंवा ‘द्वितीयक’, कोठे ‘दुय्यम’, कोठे ‘पाठोपाठचा’ असे निरनिराळे शब्द येतील, आणि एका इंग्रजी शब्दाला एकच मराठी शब्द असतो ही समजूत आपोआप दूर होईल. व्याकरणाच्या तासालाही ह्याची जोड देता येईल. ‘धरण भरले, असे तलाठ्याने सांगितले’ ह्या मिश्र वाक्यात ‘धरण भरले’ हे गौणवाक्य आहे. पण गावाला हवी असलेली बातमी त्यातच आहे. रचनेत गौण असलेले आशयात गौण असतेच असे नाही.

पालखीत बसणाऱ्याचे नाव सर्वांच्या तोंडी असते आणि भोई मात्र मागे राहतो. तरी पालखी चालते ती त्याच्या खांद्यावर. शब्दांचेही असेच आहे. ज्याला आपण घाईने ‘दुय्यम’ म्हणून बाजूस सारतो, त्याच्यावरच पुष्कळदा सारा भार असतो. म्हणून अर्थ सांगण्यापूर्वी शिक्षकाने क्षणभर थांबून विचारावे : कशाच्या नंतर, कशापासून, की कशाहून कमी? ह्या एका क्षणाचे मोल कागद घेऊन दारात उभ्या असलेल्या माणसाला फार मोठे असू शकते.