साडेसहा किलोचा रूळ

मकरपुरा स्टेशनच्या फलाटावर सकाळी तासभर उभे राहिले, तर बडोद्यात रेल्वे कमी पडते असे म्हणायची कुणाची छाती होणार नाही. मुंबईहून दिल्लीकडे आणि अहमदाबादकडे जाणारी मुख्य लाइन ती हीच. राजधानी धूळ उडवत जाते, वंदे भारत जाते, डबे मोजता मोजता कंटाळा यावा अशा मालगाड्या जातात. थांबत मात्र फारसे काही नाही. थांबतात त्या मोजक्या मेमू आणि साध्या गाड्या. त्यांची वेळापत्रके सुरत-भरूचकडच्या अप-डाउनवाल्यांसाठी आखलेली, शहरातल्या शहरात कामाला जाणाऱ्यांसाठी नव्हेत.

इथून बडोदे जंक्शन सात-आठ किलोमीटर. मध्ये एकच स्टेशन, विश्वामित्री. गाडीला हे अंतर दहा मिनिटांचे. तरीही मकरपुऱ्याच्या जीआयडीसीत, म्हणजे औद्योगिक वसाहतीत, कामाला येणारा माणूस दुचाकीवर येतो, नाहीतर शेअर रिक्षात चौथ्या सीटवर अर्धा बाहेर लोंबकळत येतो. रूळ त्याच्या शेजारून गेलेला आहे, पण त्याच्या प्रवासात तो कुठेच नाही.

आता गंमत पाहा. मकरपुऱ्याला लागूनच माणेजा आहे. तिथल्या कारखान्यांत रेल्वेगाड्यांना चालना देणारी विद्युत यंत्रणा तयार होते. शहराच्या पलीकडे सावली तालुक्यात (नाव सावली असले तरी ऊन भरपूर) आधी बॉम्बार्डियरचा आणि २०२१पासून आल्स्टॉमचा झालेला डब्यांचा कारखाना आहे. दिल्ली मेट्रोचे डबे तिथून गेले. दिल्ली-मेरठ मार्गावर ऑक्टोबर २०२३मध्ये सुरू झालेली ‘नमो भारत’ तिथेच बांधली गेली. मकरपुऱ्याहून शहराकडे निघाले की वाटेत लालबाग लागते. तिथल्या प्रतापविलास राजवाड्यात १९५२पासून रेल्वेचे अधिकारी शिकून बाहेर पडतात आणि आता त्याच आवारात वाहतूकशास्त्राचे गतिशक्ती विद्यापीठही आहे. म्हणजे देशाला रेल्वे शिकवणारे आणि शहरांना मेट्रो पुरवणारे हे गाव स्वतः मात्र रिक्षाने फिरते. सोनाराच्या घरी मंगळसूत्र पितळेचे, त्यातलाच प्रकार.

बडोदे याबाबतीत कायमच असे नव्हते. उलट रुळाचा उपयोग आपल्या ऐपतीप्रमाणे आणि गरजेप्रमाणे कसा करावा, याचा देशातला एक फार जुना धडा इथलाच आहे. तो गिरवला खंडेराव गायकवाडांनी. मकरपुऱ्याचा राजवाडा १८७०च्या सुमारास बांधला तोही त्यांनीच. शिकारीचा आणि डामडौलाचा शौक असलेला राजा म्हणून आपण त्यांना ओळखतो. त्यांच्या धाकट्या गाडीची आठवण मात्र फारशी कुणी काढत नाही.

बीबी अँड सीआय रेल्वे कंपनीची मोठी लाइन दक्षिणेकडून बडोद्याला पोचली १८६१ साली. त्याच वर्षी अमेरिकेत यादवी युद्ध पेटले, तिकडचा कापूस अडला आणि मँचेस्टरच्या गिरण्यांची नजर हिंदुस्थानी कापसाकडे वळली. नर्मदा आणि मही यांच्या मधला कानम म्हणजे काळ्या मातीचा कापसाचा मुलूख, आणि डभोई ही त्याची बाजारपेठ. प्रश्न होता मोठ्या लाइनपर्यंत पोचण्याचा. पावसाळ्यात काळ्या मातीत बैलगाडीचे चाक रुतले की गाडीवान बैलाच्या नावाने आणि बैल गाडीवानाच्या नावाने काय म्हणत असतील, ते त्या दोघांनाच ठाऊक.

खंडेरावांनी डभोईपासून मोठ्या लाइनवरच्या मियागामपर्यंत सुमारे ३३ किलोमीटरचा रूळ टाकला. साल १८६२. दोन रुळांमधले अंतर फक्त अडीच फूट. मोठ्या लाइनच्या निम्म्याहूनही कमी. हिंदुस्थानातली ही पहिली अरुंद लाइन. आणि गाडी ओढायला जुंपले बैल.

आज हे ऐकताना हसू येते, पण हिशेब करून पाहा. लोखंडी रुळावरचे लोखंडी चाक ओढायला जो जोर लागतो, तो चांगल्या सडकेवरच्या रबरी चाकाच्या साधारण एक दशांश असतो. कच्च्या रस्त्याशी तर तुलनाच नको. म्हणजे तोच बैल, तोच चारा आणि कितीतरी पट माल. वाफेचे इंजिन आणायच्या आधीच, निव्वळ रूळ टाकल्याने, निम्मे काम झाले होते. इंजिन ही नंतरची गोष्ट. रूळ हाच खरा शोध.

पुढची हकिगत अधिक बोधक आहे. १८६३मध्ये ग्लासगोच्या नीलसन कंपनीची इंजिने आली. पण रूळ होता यार्डाला १३ पौंडांचा, म्हणजे मीटरला जेमतेम साडेसहा किलो. आज मुख्य लाइनवर मीटरला ६० किलोचा रूळ असतो, त्यावरून अंदाज यावा. इंजिनांचा भार त्या काटकुळ्या रुळाला पेलेना. तेव्हा इंजिने बाजूला राहिली आणि बैल पुन्हा जुंपले गेले. सुमारे दहा वर्षांनी, १८७३मध्ये, अधिक भक्कम रूळ घालून ती लाइन इंजिनासाठी तयार झाली. कुणी याला फजिती म्हणेल. मला ती फजिती वाटत नाही. दहा वर्षे माल जात राहिला, पैसे येत राहिले आणि भार वाढला तेव्हा रूळ वाढवला. इंजिन येईपर्यंत डभोईचा कापूस पाऊस बघत बसला नाही.

सयाजीरावांच्या काळात या छोट्या गाडीचे जाळे पसरत गेले. डभोईला चहूबाजूंनी अरुंद लाइनी येऊन मिळाल्या. गोयागेटला, म्हणजे आजच्या प्रतापनगरला, १९१९मध्ये संस्थानच्या रेल्वेच्या कारखान्याची पायाभरणी झाली. बडोद्याच्या कितीतरी मराठी घरांचे श्राद्ध-तर्पणासाठी चांदोदला जाणे याच गाडीने होत असे. गाडीचा वेग असा, की घाटावरचे गुरुजीही घाई करत नसत. १९४९मध्ये संस्थानची रेल्वे बीबी अँड सीआयमध्ये आणि १९५१मध्ये ती पश्चिम रेल्वेत विलीन झाली. चांदोदची लाइन आता रुंद होऊन केवडियापर्यंत गेली आहे. १७ जानेवारी २०२१ला त्या मार्गाचे उद्घाटन झाले. जुन्या गाडीसाठी उसासे टाकणाऱ्यांपैकी मी नाही. रुंद लाइन झाल्याने थेट गाड्या आल्या, ते बरेच झाले. मात्र अरुंद रुळाबरोबर अरुंद खर्चाची ती जुनी अक्कलही निकालात निघाली, याचे वाईट वाटते.

शहरांतल्या ट्रामची गोष्ट याच्या अगदी जवळची. मुंबईत ९ मे १८७४ला घोड्यांची ट्राम धावली, १९०७मध्ये विजेची आली, आणि ३१ मार्च १९६४च्या रात्री बोरीबंदरहून दादरला शेवटची गेली. नाशिकमध्ये १८८९पासून सुमारे चार दशके नाशिक रोड स्टेशन ते गाव अशी ट्राम होती. स्टेशन गावापासून लांब पडले म्हणून गावकऱ्यांनी नशिबाला दोष दिला नाही, मधले अंतर रुळाने जोडले. आज ‘लास्ट माइल’ नावाने ज्याच्या कार्यशाळा भरतात, ते हेच. मग मोटारी वाढल्या, रस्त्याच्या मधोमध चालणारी ट्राम त्यांना अडचण वाटू लागली, आणि रस्ता कुणाचा या भांडणात ट्राम हरली. ती जुनाट होती म्हणून हरली असे सांगतात, ते खरे नाही. पॅरिसने १९३०च्या दशकात ट्राम मोडीत काढली आणि १९९२मध्ये पुन्हा बसवली. नांतने त्याआधीच, १९८५मध्ये, तेच केले होते.

त्याच १९९२ साली जर्मनीतल्या कार्ल्सरूअ या मध्यम शहराने एक साधी पण चतुर गोष्ट केली. शहरात गल्लीबोळांतून जाणारी ट्राम गावाबाहेर पडली की सरळ रेल्वेच्या मुख्य रुळावर चढेल, अशी सोय केली. दोन्हीकडचा वीजपुरवठा वेगळा, म्हणून दोन्हींवर चालणारी गाडी बनवली. ब्रेटनच्या माणसाला स्टेशनवर उतरून ट्राम बदलावी लागत होती, ती लागेनाशी झाली. नवा मार्ग फारसा बांधावा लागला नाही, असलेल्या दोन मार्गांचा सांधा जोडला. या पद्धतीला ‘ट्राम-ट्रेन’ म्हणतात आणि तिकडच्या नियोजनात ती आता रुळली आहे.

आपल्याकडे नियोजनाचे पान उलटले की एकच शब्द येतो, मेट्रो. नागपूरला २०१९मध्ये आणि पुण्याला २०२२मध्ये ती आली, तिथे तिची गरज होती की नाही हा वाद इथे काढत नाही. पण एक मोजमाप वाचकाने ध्यानात ठेवावे. गर्दीच्या एका तासात एकाच दिशेने किती माणसे जाणार, यावरून वाहन ठरवतात. केंद्र सरकारच्याच निकषांप्रमाणे हा आकडा १५ हजारांपर्यंत असेल तर मेट्रोलाइट, म्हणजे हलक्या रुळावरची आधुनिक ट्रामच, पुरते. ८ हजारांपर्यंत असेल तर रबरी टायरची मेट्रो निओ. मेट्रोलाइटचा खर्च नेहमीच्या मेट्रोच्या ४० टक्क्यांच्या आसपास येतो, असेही सरकारच सांगते. बडोद्याची लोकसंख्या २०११च्या जनगणनेत सुमारे १६ लाख ७० हजार होती. गुजरातच्या २०२१च्या अर्थसंकल्पात बडोद्यासाठी या हलक्या पर्यायांचाच उल्लेख झाला. विचार योग्य दिशेने होता, एवढे श्रेय द्यायला हवे. पण खांब उभारण्याआधी जमिनीवर काय पडले आहे, ते कुणी पाहणार की नाही?

जमिनीवर पडले आहे ते असे. मकरपुरा, विश्वामित्री, बडोदे जंक्शन ही एक सरळ ओळ. विश्वामित्रीहून फुटून प्रतापनगर, आणि पुढे डभोई ही दुसरी. दोन्ही रुंद, दोन्हींवर मेमू धावू शकते. शहराच्या दक्षिणेचे कारखाने, लालबाग, मांजलपूर, स्टेशनजवळची कचेऱ्यांची वस्ती, पूर्वेकडचे जुने गाव, हे सगळे या दोन ओळींच्या आसपास. आजवर ‘मुख्य लाइन भरलेली आहे, शहरासाठी गाडी घालायला जागा नाही’ हे उत्तर ठरलेले होते आणि ते खोटेही नव्हते.

आता मात्र त्या उत्तराखालची जमीन हलली आहे. मालगाड्यांसाठी जवाहरलाल नेहरू बंदर ते दादरी असा १,५०६ किलोमीटरचा स्वतंत्र पश्चिम मार्ग आखला गेला आणि त्यावर ‘न्यू मकरपुरा’ नावाचे स्टेशन आहे. मार्च २०२४मध्ये न्यू मकरपुरा ते न्यू घोलवड हा २४४ किलोमीटरचा टप्पा राष्ट्राला अर्पण झाला. घोलवड आपले, पालघर जिल्ह्यातले, चिकूचे. या मार्गावर एकावर एक रचलेले कंटेनर जाऊ शकतात, त्यासाठी विजेची तार नेहमीपेक्षा बरीच उंच बांधली आहे. अवजड माल तिकडे वळतो, तेव्हा जुन्या रुळावर वेळेच्या फटी मोकळ्या होतात. या फटी कुणाला द्यायच्या, हाच खरा नियोजनाचा प्रश्न आहे. आणखी दोन लांब पल्ल्याच्या गाड्यांना त्या देऊन टाकल्या, तर मकरपुऱ्याच्या फलाटावरून जाणाऱ्या गाड्यांत दोनची भर पडेल, थांबणाऱ्यांत नाही.

पुण्याचे उदाहरण समोर आहे. पुणे-लोणावळा लोकल ११ मार्च १९७८ला सुरू झाली. मुंबई-पुणे या भरगच्च मुख्य लाइनवरच ती चालते, तिच्यासाठी वेगळा रूळ टाकलेला नव्हता. दापोडी, कासारवाडी, पिंपरी, चिंचवड, आकुर्डी ही तिची स्टेशने म्हणजे कारखान्यांचाच पट्टा. किती पिढ्यांनी तिच्या दारात उभे राहून पहिली पाळी गाठली! फेऱ्या कमी, गर्दी फार, हे सगळे मान्य. तरी ती आहे म्हणून शेकडो दुचाक्या रस्त्यावर आल्या नाहीत.

बडोद्यात अडचणी कमी नाहीत. रेल्वे शहराचे दोन तुकडे करून जाते. अलकापुरीच्या गरनाळ्यात, म्हणजे रुळाखालून जाणाऱ्या रस्त्यात, पहिल्या मोठ्या पावसाला पाणी भरते आणि पूर्व बडोदे पश्चिम बडोद्याला पारखे होते. मकरपुरा स्टेशनातून बाहेर पडून कारखान्याच्या फाटकापर्यंत चालत जायचे, तर ट्रकच्या चाकाशेजारून जावे लागते. रेल्वे केंद्राची, रस्ता महापालिकेचा, औद्योगिक वसाहत महामंडळाची. पायी चालणारा कुणाचाच नाही. कार्ल्सरूअने रूळ जोडले म्हणतो, पण त्याआधी त्यांनी कार्यालये जोडली होती.

म्हणून माझे म्हणणे एवढेच. बुलेट ट्रेन येईल तेव्हा येवो, मेट्रोलाइटचा अहवाल होईल तेव्हा होवो. तोवर पाळी सुटण्या-भरण्याच्या वेळांना मकरपुरा ते जंक्शन आणि मकरपुरा ते प्रतापनगर अशी चार-सहा डब्यांची मेमू दर वीस मिनिटांनी द्या, सहा महिने चालवून पाहा, माणसे मोजा. स्टेशनपासून जीआयडीसीच्या नाक्यापर्यंत चालण्यासारखा पदपथ करा आणि शहर बसच्या पासावर ही गाडी चालू द्या. माणसे आली तर पुढे भक्कम रूळ घालता येईल. नाही आली, तर अब्जावधी रुपयांचे खांब वाचतील.

प्रतापनगरच्या रेल्वे संग्रहालयात अरुंद लाइनची जुनी इंजिने ठेवली आहेत. सवड काढून मुलांना दाखवून आणा. मकरपुऱ्याहून निघणार असाल तर परतीच्या गाडीची वेळ आधीच पाहून ठेवा, नाहीतर रिक्षाचे सुटे पैसे जवळ असू द्या.