माणदेशचे कथाकार : व्यंकटेश माडगूळकर

साताऱ्याच्या पूर्वेस, जेथें पावसाळी ढग सह्याद्रीवरच रिते होऊन कोरडे पोहोंचतात, त्या माण नदीकांठच्या मुलखास माणदेश म्हणतात. बाजरी, बाभळी आणि मेंढरें हेंच त्याचें वैभव. तेथील माडगूळ गांवीं १९२७ सालीं व्यंकटेश माडगूळकर यांचा जन्म झाला. गांव त्या वेळीं औंध संस्थानांत होतें. 'गीतरामायणा'चे कवि ग. दि. माडगूळकर हे त्यांचे ज्येष्ठ बंधु. व्यंकटेशरावांचें शाळेंतील शिक्षण अपुरेंच राहिलें. इंग्रजी ते स्वतःच्या प्रयत्नानें शिकले. चित्रकलेचा व रानांत हिंडण्याचा त्यांना मोठा नाद होता, आणि चित्रकाराची ती नजर त्यांच्या गद्यांतही उतरली आहे.

त्यांचा 'माणदेशी माणसं' हा कथासंग्रह १९४९ सालीं निघाला. त्यांतील धर्मा रामोशाची कथा पाहावी. चिंध्या पांघरणाऱ्या या म्हाताऱ्यास एक जुनें धोतर दिलें जातें. तरी पुढें तो दिसतो तो चिंध्यांतच. उलगडा शेवटीं होतो. तें धोतर त्याची मुलगी लुगड्याच्या जागीं नेसली आहे! यावर लेखक अश्रु ढाळीत नाहीं कीं उपदेश करीत नाहीं. कांहींना ही अलिप्तता थंडपणाची वाटते. आम्हांस तीच खरी माया वाटते.

'बनगरवाडी' ही कादंबरी १९५५ ची. एक कोवळ्या वयाचा मास्तर धनगरांच्या वाडींत शाळा चालविण्यास येतो. मुलें मेंढरांमागें गेलेलीं, म्हणून शाळा ओस! हळूहळू कारभाऱ्याच्या आधारानें शाळा भरूं लागते. गांवकरी स्वतःच्या श्रमानें तालीम बांधतात, तिच्या उद्घाटनास राजेसाहेब येतात. याच वाडींत शेकूची बायको बैलाच्या जोडीनें स्वतः जूं ओढते. हा प्रसंग वाचतांना युक्रेनच्या वासिल स्तेफानिक (१८७१–१९३६) यांची आठवण होते. त्यांच्या 'दगडी क्रूस' या कथेंतला शेतकरी घोड्याच्या बरोबरीनें स्वतःस गाडीस जुंपून टेकडीवर खत नेतो, आणि अखेर गांव सोडून कॅनडास जातो. दोन मुलूख हजारों कोस दूर, परंतु जूं तेंच.

माडगूळकरांनीं पुढें पुणें आकाशवाणीवर दीर्घकाळ नोकरी केली. वानरांच्या टोळीवरील 'सत्तांतर' या कादंबरीस १९८३ सालीं साहित्य अकादमीचें पारितोषिक मिळालें. २००१ सालीं ते निवर्तले.

त्यांचें निवेदन शुद्ध नागर मराठींत असे, परंतु पात्रांच्या तोंडीं माणदेशी बोली येई, आणि ती हंसविण्याकरितां येत नसे. हें धायरीकरांनीं मुद्दाम ध्यानांत घ्यावें. २०१७ सालीं आपल्या गांवाचा उर्वरित भागही पुणें महानगरपालिकेंत गेला. शेतांच्या जागीं इमारती आल्या. पुष्कळ घरांत आजी अजून जुन्या वळणाची मराठी बोलते, आणि नातवंडें मित्रांदेखत तिला उत्तर देण्यास लाजतात. पालकांनीं 'बनगरवाडी' घरांत मोठ्यानें वाचावी. संवाद आजीकडे द्यावेत. तेवढे तिच्याइतके चांगले दुसऱ्या कोणास वाचतां येणार नाहींत.

कादंबरीच्या शेवटीं दुष्काळ येतो. मेंढरें मरतात, एकेक घर बंद होतें, माणसें जगावयास बाहेर पडतात. आणि ज्या वाडींत मुलें जमविण्यासाठीं मास्तरानें दारोदार पायपीट केली, ती ओसाड वाडी मागें टाकून तोही चालूं लागतो.