गांधीगिरीत गांधी किती?

जळगावच्या मेहरूण तलावाला वळसा घालून शिरसोली रस्त्याला लागलं की थोड्याच अंतरावर जैन हिल्सवरचं गांधीतीर्थ हे संग्रहालय येतं. २५ मार्च २०१२ रोजी तेव्हाच्या राष्ट्रपती प्रतिभाताई पाटील यांनी त्याचं उद्घाटन केलं. ताई याच जिल्ह्याच्या. शाळांच्या सहली तिथे येतात, पाहुण्यांना आवर्जून नेलं जातं. त्यामुळे जळगावात ‘गांधीवादी’ हा शब्द ऐकायला लांब जावं लागत नाही. पण बोलण्यात तो येतो कसा? प्लॉटच्या हद्दीवरून शेजाऱ्याशी वाद झाला आणि एकाने पडतं घेतलं, की दुसरा म्हणतो, “एवढा गांधीवादी नको होऊ भो!” रस्त्यातल्या खड्ड्यात कुणी रोप लावलं, की दुसऱ्या दिवशी पेपरात मथळा येतो, ‘नागरिकांची गांधीगिरी’. खादीचा कडक कुर्ता घालून कुणी व्यासपीठावर बसला, की सूत्रसंचालक त्याला ‘ज्येष्ठ गांधीवादी’ करून टाकतो. आणि सरकारी कचेरीत ‘गांधीजी दाखवा’ याचा अर्थ काय, हे सांगायची गरज नाही. १९९६ पासून नोटांची मालिकाच त्यांच्या नावाची आहे.

बाजारात बोरं विकणारा कुठलंही बोर ‘मेहरूणचं’ म्हणूनच सांगतो. या शब्दाचंही तसंच झालंय. नाव चाललं, माल तपासायचा राहिला.

मुळात हा ‘वाद’ गांधींना तरी मान्य होता का? उत्तर सरळ नाही. मार्च १९३१ मध्ये भगतसिंग, राजगुरू आणि सुखदेव यांच्या फाशीनंतर लगेच कराचीत काँग्रेसचं अधिवेशन भरलं. संतापलेल्या तरुणांनी गांधींच्या हाती काळ्या कापडाची फुलं दिली, गांधीवादाच्या विरोधात घोषणा दिल्या. तेव्हा गांधी मरेल पण गांधीवाद राहील, अशा अर्थाचं ते बोलून गेले. पुढे पाचच वर्षांनी, १९३६ मध्ये चंद्रपूर भागातल्या सावलीला गांधी सेवा संघाच्या बैठकीत मात्र त्यांनी उलट सांगितलं: गांधीवाद नावाची काही चीज नाही, मला मागे पंथ ठेवायचा नाही, सत्य आणि अहिंसा डोंगरांइतकीच जुनी आहेत, मी फक्त त्यांचे प्रयोग केले. दोन्ही वाक्यं त्यांचीच. संतापलेल्या गर्दीसमोर बोलताना त्यांना शब्द चालला, अनुयायांसमोर बोलताना तो धोक्याचा वाटला. माझ्या मते दुसरं वाक्य जास्त विचारपूर्वक आलेलं आहे, कारण ते आपल्याच माणसांना ऐकवलेलं आहे.

“गांधीवादी म्हणजे मार खाऊन गप्प बसणारा”

हा सगळ्यांत रुळलेला गैरसमज. एका गालावर मारली तर दुसरा पुढे करा, हे वाक्य सर्रास गांधींच्या नावावर खपतं. ते बायबलातलं आहे, येशूच्या डोंगरावरच्या प्रवचनातलं. (‘जगात जो बदल पाहायचाय तो आधी स्वतः बना’ हे शाळेच्या भिंतींवरचं लाडकं वाक्यही त्यांच्या समग्र वाङ्मयाच्या शंभर खंडांत या शब्दांत सापडत नाही. व्हॉट्सअॅपवर मात्र रोज सकाळी सापडतं.) गांधींनी ऑगस्ट १९२० मध्ये ‘यंग इंडिया’त स्वच्छ लिहिलं की भ्याडपणा आणि हिंसा एवढे दोनच पर्याय उरले असतील, तर मी हिंसेचा सल्ला देईन. अहिंसा त्यांना या दोन्हींच्या वरची वाटत होती. घाबरून पडतं घेणं तिच्या जवळपासही येत नाही. प्लॉटची हद्द भांडण नको म्हणून सोडून देणारा माणूस समंजस असेल, थकलेला असेल. त्याला गांधीवादी म्हणायचं कारण नाही.

गांधींची रीत बघायची तर १८ मार्च १९२२ चा अहमदाबादचा खटला बघावा. आरोप राजद्रोहाचा, न्यायाधीश ब्रूमफील्ड. आरोपीने गुन्हा कबूल केला. वर न्यायाधीशाला सांगितलं, की तुम्हाला हा कायदा वाईट वाटत असेल तर राजीनामा द्या, आणि योग्य वाटत असेल तर मला कायद्यातली सर्वांत कडक शिक्षा द्या. ब्रूमफील्डनी सहा वर्षं दिली आणि शिक्षा ठरवताना दाखला दिला तो लोकमान्य टिळकांच्या १९०८ च्या खटल्याचा. टिळकांनाही सहाच वर्षं झाली होती. मराठी माणूस टिळक जहाल आणि गांधी मवाळ अशी वाटणी सहज करून टाकतो. त्या इंग्रज न्यायाधीशाने दोघांना एकाच मापाने मोजलं होतं.

“फुलं दिली की झाली गांधीगिरी”

हा शब्द आला तो सप्टेंबर २००६ मध्ये, राजकुमार हिरानींच्या ‘लगे रहो मुन्नाभाई’मधून. फारसीतला ‘गिरी’ प्रत्यय मराठीला नवा नाही. मुलुखगिरी जुनी, दादागिरी रोजचीच. दादागिरी करणाऱ्या मुन्नाच्या तोंडी गांधीगिरी यावी, ही गंमत झकासच. शब्द वाईट नाही. जुलै २००७ मध्ये अमेरिकेत ग्रीन कार्डच्या रांगेत अडकलेल्या भारतीयांनी तिथल्या इमिग्रेशन खात्याच्या प्रमुखाला शेकड्यांनी पुष्पगुच्छ पाठवले. त्याने ती फुलं सैनिकांच्या रुग्णालयात पाठवून दिली आणि काही दिवसांतच खात्याने अर्ज न स्वीकारण्याचा आपला निर्णय मागे घेतला. तेव्हा या युक्तीने कधी कधी काम होतं.

पण गांधीगिरी म्हणजे सत्याग्रह नाही. समोरच्याला चारचौघांत लाजवणं हा गांधीगिरीचा डाव असतो, आणि करणाऱ्याचं त्यात काही जात नाही. सत्याग्रहात जातं. २ मार्च १९३० रोजी गांधींनी व्हाइसरॉय आयर्विनला पत्र लिहिलं. त्यात आम्ही कोणता कायदा मोडणार, केव्हा मोडणार आणि का मोडणार, हे आधीच कळवलं होतं. पत्र घेऊन गेला रेजिनाल्ड रेनॉल्ड्स नावाचा इंग्रज तरुण, म्हणजे हे भांडण इंग्रज माणसांशी नाही हेही त्यातच आलं. १२ मार्चला साबरमतीहून निघाले, ६ एप्रिलला दांडीला मीठ उचललं, मे महिन्याच्या सुरुवातीला मध्यरात्री अटक झाली. आधी लेखी सूचना, मग वाटाघाटीला वेळ, मग एका नेमक्या कायद्याचा उघड भंग आणि त्यानंतर तुरुंग. यातली एकही पायरी गाळता येत नाही.

ज्या मुलखाला समुद्र नाही त्याने काय करायचं? महाराष्ट्राच्या अशा भागांनी त्या वर्षी जंगलचे कायदे मोडले. १० जुलै १९३० रोजी बापूजी अणे यांनी पुसदला जंगल सत्याग्रह केला. राखीव रानातलं गवत कापायचं आणि पकडून घ्यायचं. खान्देशात अमळनेरच्या प्रताप हायस्कुलातले साने गुरुजी नोकरीचा राजीनामा देऊन चळवळीत उतरले आणि धुळ्याच्या तुरुंगात गेले. पुढे १९३२ मध्ये त्याच तुरुंगात विनोबांनी २१ फेब्रुवारी ते १९ जून असे अठरा रविवार गीतेवर प्रवचनं दिली. ती लिहून घेणारा हात साने गुरुजींचा. ‘गीता प्रवचने’ हे पुस्तक झालं ते असं.

खड्ड्यात रोप लावण्याची किंमत फार तर दुपारचं ऊन. म्हणून ते चुकीचं ठरत नाही. मथळ्याने मात्र त्याला ‘अभिनव निषेध’ म्हणावं, ते बरोबर बसेल.

टोपीचं प्रकरण

‘गांधी टोपी’ स्वतः गांधींच्या डोक्यावर फार थोडी वर्षं होती. १९२० च्या आसपास त्यांनी ती वापरली आणि सप्टेंबर १९२१ मध्ये मदुराईला सदरा, टोपी सगळं उतरवून पंचा धरला. टोपीची निवड त्यांनी कशी केली, हे काका कालेलकरांनी नोंदवलं आहे. काश्मिरी टोपी हलकी, घडी करून खिशात राहणारी, म्हणून आवडली. पण ती लोकरीची. तेव्हा आकार तिचा ठेवून कापड खादीचं घेतलं. पांढरी का? तर घामाचा मळ लगेच दिसतो आणि टोपी धुवावी लागते. खान्देशात लग्नापासून बाजार समितीपर्यंत ही टोपी आजही आहे. तिचा अर्थ वडीलधारा माणूस असा घ्यावा, विचारसरणी तिच्यावरून ओळखायला जाऊ नये.

टोप्यांखाली किती तऱ्हेची डोकी असतात, ते यावल तालुक्यातल्या फैजपूरने डिसेंबर १९३६ मध्ये पाहिलं. खेड्यात भरलेलं काँग्रेसचं हे पहिलं अधिवेशन. खिरोद्याच्या धनाजी नाना चौधरींसारखे कार्यकर्ते त्यासाठी राबले, शांतिनिकेतनच्या नंदलाल बोसांनी बांबूसारखं गावचं साहित्य वापरून मंडप सजवला. खेड्यातच अधिवेशन भरवा, हा आग्रह गांधींचा. अध्यक्ष होते जवाहरलाल नेहरू, जे त्याच वर्षी लखनौच्या अधिवेशनात समाजवादाची बाजू उघडपणे मांडून आले होते. नुकतेच तुरुंगातून सुटलेले मानवेंद्रनाथ रॉयही हजर होते. आणि गांधी? ते तेव्हा काँग्रेसचे साधे सभासदही नव्हते. १९३४ मध्येच त्यांनी सभासदत्व सोडलं होतं. फैजपुरात त्यांनी खादी-ग्रामोद्योग प्रदर्शनाचं उद्घाटन केलं. त्या मंडपातल्या सगळ्यांना गांधीवादी म्हणणं म्हणजे फोटो बघून इतिहास लिहिणं.

यंत्राचा द्वेष?

‘हिंद स्वराज’ (१९०९) वाचणाऱ्याला हे वाटणं साहजिक आहे. त्यात यंत्रांवर जबरदस्त हल्ला आहे. पण १९२४ मध्ये त्यांनी सिंगरच्या शिवणयंत्राचं कौतुक केलं आणि माझा विरोध यंत्राला नाही, यंत्राच्या वेडाला आहे, असं स्पष्ट केलं. १९२९ मध्ये अखिल भारतीय चरखा संघाने सुधारित चरख्यासाठी एक लाख रुपयांचं बक्षीस लावलं. अटी अशा, की यंत्र हाताने किंवा पायाने चालावं, खेड्यातल्या बाईला आठ तास फार न दमता चालवता यावं आणि किंमत १५० रुपयांच्या आत असावी. ते बक्षीस कुणालाच मिळालं नाही. यंत्राचा द्वेष करणारा माणूस यंत्र शोधणाऱ्याला लाख रुपये कशाला देऊ करेल? गांधीतीर्थ उभारणारे भवरलालजी जैन स्वतः ठिबक सिंचनाचे कारखानदार होते. हे विसंगत वाटणाऱ्यांनी या अटी वाचाव्यात.

आज्ञाधारक अनुयायी

गांधीवादी म्हणजे बापूंचा शब्द खाली न पडू देणारा, हीही एक समजूत. ती पंढरपूरने खोटी ठरवली. विठ्ठलाच्या मंदिरात अस्पृश्यांना प्रवेश मिळावा म्हणून साने गुरुजींनी आधी महाराष्ट्रभर दौरा केला आणि १ मे १९४७ पासून तनपुरे महाराजांच्या मठात उपोषणाला बसले. दिल्लीत गांधींच्या कानावर चुकीची माहिती गेली. उपोषण सोडा, अशी त्यांची तार आली. ज्या माणसासाठी नोकरी सोडली, तुरुंग भोगला, त्याचीच ही तार. गुरुजींनी नम्रपणे नकार कळवला आणि उपोषण चालू ठेवलं. १० मे रोजी मंदिर खुलं करण्याचं ठरल्यावर ते सुटलं. सावलीत गांधींनी पंथ नको म्हटलं होतं. त्याचा अर्थ सावलीत जमलेल्या अनेक अनुयायांपेक्षा अमळनेरच्या या मास्तरांना जास्त कळला होता, असं मला वाटतं.

आता विरोधकांकडे वळू. ‘गांधीवाद’ हा शब्द सर्वांत नेमकेपणाने वापरला तो भक्तांनी नव्हे, डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी. त्यांच्या १९४५ च्या पुस्तकात गांधीवादावर एक स्वतंत्र प्रकरण आहे आणि त्याच्या शीर्षकातच त्यांनी गांधीवादाला अस्पृश्यांचा सर्वनाश ठरवलं आहे. तिथे गांधीवाद म्हणजे सोशीक स्वभाव किंवा पांढरे कपडे नाहीत. वर्णव्यवस्थेचं समर्थन, श्रीमंतांनी विश्वस्त व्हावं ही कल्पना, यंत्रसंस्कृतीला नकार अशी कलमं मांडून ते एकेकाचा समाचार घेतात. माणसाला पशूच्या पातळीवरच्या कष्टांतून सोडवून फुरसत देणारं यंत्र नाकारणं त्यांना मान्य नव्हतं. या टीकेला उत्तरं द्यायची तर द्यावीत, पण निदान ती कशावर आहे ते स्पष्ट आहे. ‘ज्येष्ठ गांधीवादी’ या सत्कारातल्या विशेषणाबद्दल तेवढंही सांगता येत नाही.

आणि गांधीवाद साफ नाकारणाऱ्या याच माणसाने सत्याग्रहाची पद्धत मात्र टाकली नव्हती. डिसेंबर १९२७ मध्ये महाडला सत्याग्रह परिषदेच्या मंडपात फोटो होता तो एकट्या गांधींचा. नाशिकला काळाराम मंदिराचा सत्याग्रह सुरू झाला तो २ मार्च १९३० रोजी. त्याच दिवशी साबरमतीत व्हाइसरॉयला पत्र लिहिलं गेलं. काळारामच्या दारातला सत्याग्रह पुढे काही वर्षं चालू राहिला.