शेक्सपिअरची नाटके आणि देहातील भाव

शेक्सपिअरचा आपल्या व्यवसायाशी काय संबंध, अशी शंका वाचक वैद्यांना येणे स्वाभाविक आहे. गेल कर्न पास्टर या अमेरिकन विदुषींच्या ‘ह्यूमरिंग द बॉडी’ (२००४) या ग्रंथामुळे तो संबंध ध्यानात येतो. २००२ ते २०११ या काळात त्या वॉशिंग्टन येथील फोल्जर शेक्सपिअर ग्रंथालयाच्या संचालक होत्या. त्या वैद्यकाच्या नव्हे, तर साहित्याच्या अभ्यासक आहेत, हे विशेष.

त्यांचे प्रतिपादन असे की, त्या काळचे इंग्रजी पात्र क्रोधाने तापल्याचे बोलते, तेव्हा तो केवळ अलंकार नसतो. गॅलेनच्या परंपरेनुसार रक्त, कफ, पिवळे पित्त व काळे पित्त या चार द्रवांवर देह व स्वभाव दोन्ही अवलंबून असत. ‘हॅम्लेट’मध्ये नटांसमोर स्वतः हॅम्लेट क्रोधाग्नीत भाजून निघालेल्या पिरसचे वर्णन करतो, पास्टर त्यातील उष्णता शब्दशः घेतात. फॉल्स्टाफ आपल्या विषादाला बोक्याची व छळलेल्या अस्वलाची उपमा देतो. तेथेही मनुष्य व पशू यांच्या देहांत तेच द्रव व तेच विकार असल्याची समजूत त्या दाखवितात. पुढे मन व देह वेगळे मानण्याची सवय जडली आणि वाचकांना ही भाषा निव्वळ काव्य वाटू लागली.

येथे घाईने समीकरण मांडू नये. काळ्या पित्ताला आपल्याकडे प्रतिशब्द नाही आणि वायू हा द्रव नव्हे. रक्त आपल्याकडे धातू आहे. मात्र सुश्रुताचार्यांनी देहधारणेत वात, पित्त, कफ यांच्या जोडीला रक्ताचाही उल्लेख केला आहे. युनानी हकिमांचे चार अख्लात गॅलेनला अधिक जवळचे आहेत.

साम्य आहे ते दृष्टीत. चरकसंहितेच्या ज्वरचिकित्सेत काम, शोक व भय यांनी वायूचा आणि क्रोधाने पित्ताचा प्रकोप सांगितला आहे. इतकेच नव्हे, तर कामज ज्वर क्रोधाने व क्रोधज ज्वर कामाने शमतो, असेही तेथे म्हटले आहे. भावाला हेतू आणि उपाय अशा दोन्ही नात्यांनी चिकित्सेत स्थान देणारा हा विचार आपण पदवीपरीक्षेपुरता पाठ करतो.

रुग्ण मात्र आजही ‘पित्त खवळलं’, ‘काळजाचं पाणी झालं’, ‘रक्त आटवलं’ असेच बोलतो. आपण ते वाक्प्रचार समजून सोडून देतो आणि केसपेपरवर ‘टेन्शन’ एवढाच शब्द लिहितो. प्रत्येक वाक्प्रचार म्हणजे लक्षण नव्हे, हे खरे. पण दाह कोठे होतो, झोप केव्हा मोडते, भूक मंदावली की वाढली, हे विचारण्यास तो शब्द पुरेसे निमित्त आहे. आत्मघाताचे विचार आढळल्यास मनोविकारतज्ज्ञाकडे तातडीने पाठवावे, यात दुमत नसावे.

औषधनिर्मात्या बंधूंनाही एक विनंती. ‘मानसिक ताणावर उपयुक्त’ एवढ्या मजकुरावरून तो कल्प भयाने क्षीण झालेल्या वातप्रधान रुग्णाला द्यावयाचा की संतापी पित्तप्रकृतीला, हे वैद्याला कळत नाही. माहितीपत्रकात दोषावस्था व अनुपान छापल्यास ही अडचण दूर होईल.