वाटाण्याचा अंकुर, फाळक्यांची फिल्म आणि आपली मुले

ऊस विकास विभागाने सिनेमावर लिहावे याचे काही सभासदांना नवल वाटेल. पण गेले दोन-तीन हंगाम गटात फिरताना लागण, खोडवा, हुमणी यांच्या जोडीला आम्हांला आणखी एक प्रश्न विचारला जातो. "साहेब, पोरगं म्हणतंय व्हीएफएक्सचा कोर्स करायचाय. फी लाखात आहे. भरू का नको?" फी उसाच्या बिलातूनच जायची, तेव्हा प्रश्न आमच्या खात्याचा नाही म्हणून सोडून देणे बरे नव्हे. म्हणून आम्ही माहिती काढली. ती सभासद बंधू-भगिनींपुढे ठेवतो.

हे काम आहे तरी काय?

सिनेमात वाघ आणि माणूस एका होडीत दिसतात. वाघ संगणकावर केलेला, माणूस हिरव्या पडद्यापुढे उभा केलेला, समुद्र तिसरीकडचा. ही वेगवेगळी चित्रे एकावर एक ठेवून, उजेड, सावली, रंग जुळवून सांधा दिसणार नाही अशी एकजीव करणारा जो कारागीर, त्याला कंपोझिटर म्हणतात. चांगल्या कलमाचा जोड जसा दिसत नाही, तसे हे काम. जोड दिसला तर काम फसले.

सिनेमात सेकंदाला २४ चित्रे धावतात. पाच सेकंदांच्या प्रसंगात १२० चित्रे झाली. नवीन मुलाला आधी बहुधा 'रोटो'चे काम मिळते, म्हणजे त्या १२० चित्रांत माणसाची कड आखत बसायचे. भांगलणीसारखेच हे चिकाटीचे काम, फक्त सावलीत बसून.

याचा मूळपुरुष आपल्याच मातीतला

ही कला परदेशातूनच आली असे पुष्कळांना वाटते. पण आपल्याकडे तिची पहिली लागण केली ती त्र्यंबकेश्वरी ३० एप्रिल १८७० रोजी जन्मलेल्या धुंडिराज गोविंद फाळके यांनी. मुंबईच्या जे. जे. स्कूलमध्ये व पुढे बडोद्याच्या कलाभवनात ते शिकले. गोध्र्याला फोटोग्राफी, मग लोणावळ्याला छापखाना, मधल्या वेळात जादूचे प्रयोग, असे त्यांनी सगळे करून पाहिले. जादूगार म्हणून नावच उलटे करून 'प्रोफेसर केळफा' झाले! आज संगणकावर जे होते ते त्या काळी याच तीन विद्यांतून होत होते: चित्रकला, फोटो आणि हातचलाखी.

१९११ साली मुंबईत त्यांनी ख्रिस्ताच्या जीवनावरचा चित्रपट पाहिला आणि वयाच्या चाळिशीत सिनेमाचा ध्यास घेतला. विम्याच्या पॉलिसी गहाण टाकून १९१२ साली ते लंडनला गेले. सेसिल हेपवर्थ यांच्या स्टुडिओत काम पाहिले. विल्यमसन कंपनीचा कॅमेरा घेऊन परत आले.

आता खरी गंमत ऐका. भांडवल देणाऱ्याला दाखवायला नमुना म्हणून फाळक्यांनी कुंडीत वाटाणा पेरला. पुढे कॅमेरा ठेवला आणि थोड्या थोड्या वेळाने एकेक चित्र घेत राहिले. महिन्याभराची वाढ पडद्यावर अगदी थोडक्यात उलगडली. बी फुटून वेल डोळ्यांदेखत वर आला. 'अंकुराची वाढ' हा तो लघुपट. तो पाहून पैसे देणारा उभा राहिला. आपण ज्याला प्रात्यक्षिक प्लॉट म्हणतो, तो फाळक्यांनी एका कुंडीत करून दाखवला.

तरीही पैसे पुरेनात. सरस्वतीबाईंनी अंगावरचे दागिने दिले. नुसते दागिने नव्हे, फिल्मला भोके पाडणे, रसायनात धुणे, कामावरच्या माणसांचा स्वयंपाक, सगळे त्या माउलीने केले. ३ मे १९१३ रोजी मुंबईच्या कॉरोनेशन थिएटरात 'राजा हरिश्चंद्र' लोकांपुढे आला. सिनेमात काम करतो म्हटले की लोक नाके मुरडीत, म्हणून कामावरची माणसे 'हरिश्चंद्राच्या फॅक्टरीत आहोत' असे सांगत!

त्यात देव प्रकट होतो, पुन्हा नाहीसा होतो. 'श्रीकृष्ण जन्म' (१९१८) मध्ये कंसाला स्वतःचेच मुंडके धडावेगळे झालेले दिसते. हे व्हायचे कसे? कॅमेऱ्यापुढे काळा पुठ्ठा धरून चौकटीचा एक भाग झाकायचा, उरलेल्या भागात चित्र घ्यायचे. मग फिल्म उलटी गुंडाळून तोच तुकडा पुन्हा चालवायचा, आता पुठ्ठा दुसऱ्या बाजूला. कॅमेरा हाताने फिरवायचा, त्यामुळे किती फेरे झाले हे बिनचूक मोजावे लागे. मोजणीत चूक झाली की दोन्ही चित्रे वाया. आजचा कंपोझिटर चुकला तर बटण दाबून मागे येतो, फाळक्यांना ती सोय नव्हती.

मोठ्या चित्रपटांबरोबर लघुपटही चालूच होते. 'आगकाड्यांची मौज' या लघुपटात त्यांनी आगपेटीतल्या काड्या नाचविल्या.

पण हिशेब काय झाला?

सभासदांनी इथे नीट लक्ष द्यावे. १९१८ साली नाशिकला भागीदारीत हिंदुस्थान फिल्म कंपनी निघाली. पैसा दुसऱ्यांचा, कसब फाळक्यांचे. भागीदारांशी पटेना, तेव्हा ते सगळे सोडून काशीला गेले. १९२२ साली परत आले, पण पहिली घडी बसली नाही. 'गंगावतरण' (१९३७) हा शेवटचा चित्रपट कोल्हापुरात केला आणि १६ फेब्रुवारी १९४४ रोजी नाशिकला ते गेले. शेवटचे दिवस ओढाताणीचे होते. त्यांच्या नावाचा मोठा पुरस्कार सुरू झाला तो १९६९ साली.

आजही तेच. वर सांगितलेला होडीतला वाघ 'लाइफ ऑफ पाय' (२०१२) चा. तो करणाऱ्या ऱ्हिदम अँड ह्यूज कंपनीच्या शाखा मुंबई व हैदराबादलाही होत्या. २०१३ च्या फेब्रुवारीत चित्रपटाला व्हीएफएक्सचे ऑस्कर मिळाले आणि त्याच महिन्यात कंपनीने दिवाळे जाहीर केले! २०२५ च्या फेब्रुवारीत टेक्निकलर हा जुना समूह कोसळला, तेव्हा बंगळूर-मुंबईकडची हजारो मुले रस्त्यावर आली. उलट बाजूही सांगितली पाहिजे. मुंबईत १९९७ साली सुरू झालेली प्राइम फोकस २०१४ साली लंडनच्या डबल निगेटिव्ह या नामांकित कंपनीशी जोडली गेली, आणि आपली मुले आज जगातल्या मोठ्या चित्रपटांवर काम करतात. म्हणजे धंदा खोटा नाही. पण काम ठेक्यावर येते, चित्रपट संपला की थांबते, आणि एकदा ठरलेल्या रकमेत दुरुस्त्या कितीही कराव्या लागतात.

मग फी भरावी का?

आमचे मत असे. बेणे न तपासता कोणी दोन एकर लागण करत नाही. मुलाचीही उगवणशक्ती आधी तपासा. ब्लेंडर आणि डाव्हिंची रिझॉल्व्हची साधी आवृत्ती ही दोन्ही साधने फुकट मिळतात, फक्त संगणक बरा लागतो. त्याला दोन कामे द्या.

पहिले, फाळक्यांचेच. एक डोळ्याची टिपरी बेणेप्रक्रिया करून कुंडीत लावा. फोन स्टँडवर घट्ट बसवा, दिव्याचा उजेड कायम ठेवा, नाहीतर चित्र लुकलुकते. दर अर्ध्या तासाला एक फोटो, दिवसाला ४८, तीस दिवसांत १४४०. सेकंदाला २४ प्रमाणे बरोबर एक मिनिटाची फिल्म होते. थंडीचे दिवस टाळा, उगवण लांबते.

दुसरे, फोन न हलवता स्वतःलाच चौकटीत डाव्या व उजव्या बाजूला टिपून दोन्ही चित्रे एकत्र जोडायची. मधला सांधा दिसता कामा नये.

महिनाभर रोज उठून हे करणारा मुलगा असेल, तर त्याच्या फीचा विचार जरूर करा. भरण्यापूर्वी संस्थेत जाऊन मागल्या तीन वर्षांची मुले कुठे कामाला आहेत ते त्या मुलांनाच विचारा, जाहिरातीला नको. आठव्या दिवशी कुंडीला पाणी घालायला विसरणारा असेल, तर लाखभर रुपये वाचले असे समजा.

आणि मुलगी म्हणत असेल तर तिलाही हीच कसोटी लावा. सरस्वतीबाई नसत्या तर फाळक्यांची फॅक्टरी पहिल्याच हंगामात बंद पडली असती.

तयार झालेल्या फिल्म गट ऑफिसला आणून दाखवाव्यात. उसाचा डोळा नेमका कसा फुटतो हे इतर सभासदांना दाखवायला आमच्या खात्यालाही त्यांचा उपयोग होईल.