विंचवाच्या नांगीतून बोलणारी जात

रायगड जिल्ह्यातील महाड हे आंबेडकरी जनतेचे क्रांतितीर्थ. आमच्या खांदा कॉलनीपासून ते सव्वाशे किलोमीटरच्या आतबाहेर. दरवर्षी २० मार्चला पनवेलवरून महाडकडे निळ्या झेंड्यांच्या गाड्या निघतात. १९२३ चा बोले ठराव, १९२७ चा सत्याग्रह, २५ डिसेंबरचे मनुस्मृतिदहन, १९३७ चा हायकोर्टाचा निकाल. आमच्या कार्यकर्त्यांच्या तोंडी या तारखा कधी चुकत नाहीत. पण तारखा पाठ असणे वेगळे आणि आजच्या शाळकरी पोराला ती तहान आपल्या घशात जाणवणे वेगळे. हे दुसरे काम कसे करावे याचा धडा देणारे एक पुस्तक आहे. आज त्याविषयी लिहायचे आहे.

पुस्तकाचे नाव 'भीमायन'. २०११ साली नवयान प्रकाशनाने ते इंग्रजीत काढले, नंतर ते हिंदीतही आले. शब्द श्रीविद्या नटराजन आणि एस. आनंद यांचे. चित्रे दुर्गाबाई व्याम आणि सुभाष व्याम या मध्य प्रदेशातील परधान गोंड दाम्पत्याची. आधार बाबासाहेबांच्या स्वतःच्या आठवणींचा. 'वेटिंग फॉर अ व्हिसा' या नावाने त्या महाराष्ट्र शासनाच्या ग्रंथमालेत बाराव्या खंडात आहेत. पाणी, निवारा आणि प्रवास असे कथेचे तीन भाग.

प्रसंग आपल्या ओळखीचे आहेत. १९०१ साली साताऱ्याहून वडिलांना भेटायला निघालेली पोरे मसूर स्टेशनवर उतरतात. जात कळताच गाडीवान मिळत नाही. दुप्पट भाडे देऊन स्वतःच गाडी हाकावी लागते आणि रात्रभर कुणी घोटभर पाणी देत नाही. अमेरिकेत शिकून बडोद्यात नोकरीला आलेल्या विद्वानाला पारशांच्या धर्मशाळेतून लाठ्या दाखवून बाहेर काढले जाते. १९३४ साली दौलताबादच्या किल्ल्यावर हौदाच्या पाण्याने हातपाय धुतले म्हणून बाबासाहेबांना आणि सहकाऱ्यांना शिव्या खाव्या लागतात.

हे सारे व्याम दाम्पत्याने कसे रंगवले? आगगाडी साप होऊन वळवळत जाते. किल्ला हिंस्र जनावरासारखा अंगावर येतो. चवदार तळ्यावर बाबासाहेब बोलू लागतात तेव्हा लाऊडस्पीकरमधून पाण्याचे थेंब उडतात आणि तहानलेल्या जनतेवर शब्दांचा शिडकावा होतो! सगळ्यांत मर्मभेदी आहेत ते संवादांचे फुगे. प्रेमाने बोलणाऱ्याचे, जाच सोसणाऱ्याचे शब्द पक्ष्याच्या आकारात येतात. जातीचे विष ओकणाऱ्याच्या शब्दांना विंचवाची नांगी आहे. मनातल्या विचाराला डोळा आहे. नेहमीच्या चित्रकथेतल्या चौकटी तर या कलावंतांनी साफ नाकारल्या. माणसांना खोक्यात कोंबणे त्यांना मानवले नाही. गोंडांच्या घराच्या भिंतींवर रेखली जाणारी दिग्नाची नक्षी पानभर मोकळी वळत जाते.

आमच्यातील काही मित्र विचारतील, दलित साहित्य म्हणजे रोखठोक वास्तव. साप झालेली आगगाडी तिथे कशाला? आमचे म्हणणे असे की, जात हीच मुळात अघटित गोष्ट आहे. म्हैस तळ्यात डुंबली तर तळे बाटत नाही, माणसाने ओंजळ भरली की बाटते! कुठल्याही भुताटकीच्या गोष्टीपेक्षा हे विचित्र आहे. पण हजारो वर्षांच्या सवयीने ते लोकांना नैसर्गिक वाटू लागले. हुबेहूब चित्र काढले तर ती सवय तशीच राहते. शब्दाला नांगी फुटली की मात्र पाहणारा दचकतो. कल्पनेने इथे वास्तव लपवलेले नाही, त्यावरचा बुरखा ओढून काढला आहे.

शिवाय ही गोष्ट जुनी झालेली नाही. पुस्तकाची सुरुवातच बसस्टॉपवर आरक्षणाच्या नावाने बोटे मोडणाऱ्या माणसापासून होते आणि त्याला उत्तर देताना २००६ चे खैरलांजी पुढे येते. सिडकोच्या वसाहतीत भाड्याचे घर बघायला जा. डिपॉझिटच्या आधी प्रश्न येतो, "आडनाव काय?" आवाज गोड असतो, पण नांगी तीच!

या पुस्तकाबद्दल आमचे काही आक्षेपही आहेत. पहिला नावावर. १४ ऑक्टोबर १९५६ रोजी नागपुरात बाविस प्रतिज्ञा देणाऱ्या महामानवाच्या चरित्राला रामायणाच्या चालीवरचे नाव कशासाठी? 'अयन' म्हणजे मार्ग, हा खुलासा आम्हांस ठाऊक आहे. पण कानावर पडते ते रामायणच. दुसरा आक्षेप पोहोचण्याचा. बाबासाहेबांच्या साताऱ्या-महाडची ही कथा आधी इंग्रजी वाचकाकडे गेली. ज्या वस्तीतून ही तहान आली, तिथल्या पोरांच्या हाती ती कधी पडणार?

तरीही या पुस्तकाचे मोल आम्ही कमी लेखत नाही. परधान हे गोंडांचे परंपरेने गाथा गाणारे लोक. बाना वाजवून ते पूर्वजांच्या कथा सांगत. आश्रयदाते गेले, तेव्हा त्यांच्यातील जनगढ सिंह श्याम यांनी भोपाळच्या भारत भवनातून त्या कथा कागदावर आणि कॅनव्हासवर उतरवल्या. त्यांच्या वाटेने पुढची पिढी चालली. दुर्गाबाईंना २०२२ साली पद्मश्री मिळाली. आमचीही चळवळ जलशांनी, वामनदादा कर्डकांसारख्या लोककवींच्या गाण्यांनी घराघरांत पोहोचवली. अक्षर नाकारलेल्या दोन समाजांनी गाण्यातून आणि रेषेतून इतिहास जपला. आदिवासी कलावंताच्या हातून बाबासाहेब रेखले जाणे ही म्हणूनच साधी घटना नाही.

आता काम आपले आहे. जयंतीला डीजेवर खर्च होणाऱ्या वर्गणीतला थोडा हिस्सा बुद्धविहाराच्या ग्रंथालयाकडे वळवा. खांदा कॉलनी असो की कळंबोली, रविवारच्या बालवर्गात मुलांसमोर हे पुस्तक उघडा आणि पाने उलटून झाली की त्यांच्या हाती रंग द्या. वर्गात, सोसायटीत, खेळाच्या मैदानावर त्यांना कोणता शब्द डसला, ते त्यांनाच काढू द्या. त्या नांग्या कागदावर उतरल्या की त्यांना उत्तर देण्याचे बळही तिथूनच येईल.

जयभीम!